सोळा मिलिसेकंदांचा हिशेब

नव्वदच्या दशकात महाराष्ट्रातल्या कितीतरी घरांत टीव्हीला जोडायचा व्हिडिओ गेम आला, तो निन्टेन्डो या जपानी कंपनीच्या फॅमिकॉम यंत्राची नक्कल होता. कॅसेट घालायची, चॅनेल जुळवायचं आणि मारिओ किंवा कॉन्ट्रा सुरू करायचा. काही संचांबरोबर प्लास्टिकची बंदूकही मिळे. ती ‘डक हंट’साठी, म्हणजे बदकांच्या शिकारीसाठी. हा खेळ मूळचा १९८४चा. पडद्यावर बदक उडे, मुलं नेम धरून चाप ओढत आणि नेम लागला की हुकला हे यंत्राला अचूक कळे. बंदुकीतून बाहेर काहीच पडत नसे. उलट तिच्या नळीत प्रकाश ओळखणारा एक छोटा भाग बसवलेला होता. चाप ओढताच पडदा एका फ्रेमपुरता काळा होई आणि पुढच्या फ्रेमला बदकाच्या जागी पांढरा चौकोन उमटे. आधी अंधार आणि लगेच उजेड दिसला, तर बदक पडलं. दोन बदकं असली की दोन चौकोन एकामागून एक येत, आणि उजेड कोणत्या फ्रेमला दिसला त्यावरून कोणतं बदक पडलं ते ठरे.

हे सगळं पापणी लवायच्या आत उरके. ते जमे, कारण काचेच्या नळीचा जुना टीव्ही चित्र साठवून ठेवत नसे. सिग्नल आत आला की इलेक्ट्रॉनांचा झोत तो तसाच पडद्यावर रेघेरेघेने ओढत जाई. तीच बंदूक आज ५५ इंची स्मार्ट टीव्हीवर रोखली तर एकही बदक पडत नाही. एक तर बंदुकीतला भाग नळीच्या लुकलुकत्या प्रकाशासाठी बनवलेला आहे. दुसरं आणि या प्रकरणाच्या दृष्टीने महत्त्वाचं कारण असं, की पांढरा चौकोन पडद्यावर उमटेपर्यंत यंत्राने बंदुकीकडे पाहणं कधीच थांबवलेलं असतं. चित्र येतं, पण उशिरा येतं.

हा उशीर नेमका कुठे होतो?

आजचा टीव्ही आत आलेलं चित्र सरळ दाखवत नाही, आधी ते स्मृतीत उतरवून घेतो. १०८० ओळींचं चित्र २१६० ओळींच्या पॅनेलवर पसरवतो. दाणेदारपणा पुसून काढतो, कडा ठळक करतो, कातडीचा रंग खुलवतो, पॅनेलमागचे कोणते दिवे मंद करायचे ते ठरवतो. चित्रपट किंवा मालिका पाहणाऱ्याला यात गमावण्यासारखं काही नसतं. चित्र एक दशांश सेकंद उशिरा आलं तरी आवाजही तेवढाच मागे ठेवता येतो आणि सोफ्यावर बसलेल्या माणसाला त्याचा पत्ताही लागत नाही. खेळणाऱ्याचं तसं नाही. तो पडद्याला उत्तर देत असतो. त्याने बटण दाबलं की त्याचा परिणाम पडद्यावर दिसायला हवा, आणि तो पाहून त्याला पुढचं बटण दाबायचं असतं. टीव्हीने मध्ये घेतलेला वेळ थेट त्याच्या हातातून जातो. या वेळेला इनपुट लॅग म्हणतात.

सेकंदाला ६० फ्रेम दाखवणाऱ्या पडद्यावर एक फ्रेम १६.७ मिलिसेकंद टिकते. टीव्हीने कामासाठी सहा फ्रेम रोखून धरल्या की शंभर मिलिसेकंद गेले. ‘डूम’ या गाजलेल्या गेमचा प्रमुख प्रोग्रॅमर जॉन कार्मॅक याने २०१२ मध्ये जाहीरपणे खंत व्यक्त केली होती, की अमेरिकेतून युरोपला इंटरनेटवरून माहितीचं एक पाकीट जितक्या लवकर पोहोचतं तितक्या लवकर समोरच्या पडद्यावर एक ठिपका उमटत नाही. ऐकणाऱ्यांना ती अतिशयोक्ती वाटली. तेव्हा त्याने मोजणीची रीत सांगितली: सेकंदाला २४० फ्रेम टिपणारा कॅमेरा, त्यासमोर कंट्रोलर आणि पडदा. मोजलेला पडदा सोनीचा डोक्यावर चढवायचा डिस्प्ले होता. कारणही त्याने नेमकं सांगितलं. मधली फ्रेम तयार करण्यासारख्या कामांना निदान एक फ्रेम थांबावंच लागतं. बाकीची बरीच कामं चित्र वाहतं ठेवूनही करता येतात, पण प्रत्येक टप्प्यावर पूर्ण फ्रेम साठवून पुढे देणं अभियंत्यांना सोपं जातं, आणि असे टप्पे साठत साठत अर्धा डझन फ्रेमपर्यंत जातात.

कार्मॅकच्या या स्पष्टीकरणात गेमिंगच्या सगळ्या सेटिंगची किल्ली आहे. गेमसाठी टीव्ही लावायचा म्हणजे त्याची कामं कमी करत जायचं. जे काम कन्सोल आधीच करतो ते टीव्हीने पुन्हा करायचं नाही. प्लेस्टेशन किंवा एक्सबॉक्स स्वतः चित्र रचतो, त्याच्या कडा, रंग, उजेड, हालचाल सगळं ठरवतो. त्याला हवं असतं फक्त ते चित्र जसंच्या तसं आणि ताबडतोब दाखवणारं पॅनेल.

पहिली पायरी म्हणून रिमोटवरून पिक्चर मोडमध्ये जाऊन ‘गेम’ निवडायचं. सॅमसंग, एलजी, सोनी, टीसीएल, शाओमी, कोणाचाही संच असो, हा पर्याय बहुधा असतोच. तो निवडताच टीव्ही वरची बरीचशी कामं बाजूला ठेवतो. ‘स्टँडर्ड’ किंवा ‘व्हिव्हिड’ मोडमध्ये पन्नास ते शंभर मिलिसेकंद किंवा त्याहून जास्त घेणारा संच गेम मोडमध्ये बहुतेक वेळा दहा ते वीस मिलिसेकंदांवर येतो. दुसरी कोणतीही एकटी सेटिंग इतका फरक पाडत नाही. ज्याला पुढचं काहीच वाचायचं नाही त्याने एवढं केलं तरी पुष्कळ झालं.

गेम मोड हाताने लावायचा विसर पडू नये म्हणून ऑटो लो लेटन्सी मोड नावाची सोय आहे, तिला एएलएलएम म्हणतात. कन्सोलवर गेम सुरू होताच तो केबलमधून टीव्हीला कळवतो आणि टीव्ही आपणहून गेम मोडमध्ये जातो. गेम बंद करून त्याच यंत्रावर चित्रपट लावला की परत येतो. ही सोय टीव्हीच्या मेनूत आणि कन्सोलच्या मेनूतही चालू असावी लागते.

गेम मोड लावल्यावर चित्र आधीपेक्षा फिकं, मऊ वाटतं, म्हणून पुष्कळ जण लगेच परत ‘व्हिव्हिड’वर जातात. ही घाई टाळावी. दुकानातल्या झगमगाटात उठून दिसावं म्हणून भडकवलेल्या चित्राची डोळ्यांना सवय झालेली असते. दोन-तीन संध्याकाळी गेल्या की गेम मोडचं चित्र नेहमीचं वाटू लागतं. रंग फारच निळसर वाटले तर कलर टेंपरेचर ‘वॉर्म’कडे न्यावं. त्याने उशीर वाढत नाही.

गेम मोडमध्येही एक गोष्ट तपासून पाहायला हवी, ती म्हणजे हालचाल गुळगुळीत करणारी यंत्रणा. एलजी तिला ट्रूमोशन म्हणते, सोनी मोशनफ्लो, सॅमसंग पूर्वी ऑटो मोशन प्लस आणि आता पिक्चर क्लॅरिटी. दोन फ्रेमच्या मधली, मुळात नसलेली फ्रेम टीव्ही अंदाजाने तयार करतो. चित्रपटवाल्यांचाही या यंत्रणेवर राग आहे. डिसेंबर २०१८ मध्ये टॉम क्रूझने दिग्दर्शक ख्रिस्तोफर मॅक्वॉरीसोबत एक व्हिडिओ काढून प्रेक्षकांना ती बंद करण्याची विनंती केली होती, कारण तिच्यामुळे चित्रपट व्हिडिओवर चित्रित केलेल्या मालिकेसारखा दिसतो. खेळणाऱ्याची अडचण वेगळी आणि जास्त मोठी आहे. पहिली आणि दुसरी यांच्या मधली फ्रेम बनवायची तर दुसरी फ्रेम आधी हातात यायला हवी. तोवर टीव्ही थांबतो. कितीही वेगवान चिप बसवली तरी हे थांबणं टळत नाही, कारण पुढची फ्रेम अजून कन्सोलमधून निघालेलीच नसते. सॅमसंगच्या काही संचांत ‘गेम मोशन प्लस’ नावाने हीच सोय गेम मोडच्या आत दिलेली असते. सावकाश चालणाऱ्या कथाप्रधान खेळात ज्याला ती आवडते त्याने जरूर वापरावी. वेगवान खेळात मात्र बंदच ठेवावी.

शंभर मिलिसेकंदांनी खरंच काय बिघडतं? क्रिकेटचं उदाहरण घेऊ. ताशी १४० किलोमीटर वेगाने टाकलेला चेंडू गोलंदाजाच्या हातातून फलंदाजापर्यंत साधारण अर्ध्या सेकंदात पोहोचतो. त्या वेगाने शंभर मिलिसेकंदांत तो जवळजवळ चार मीटर जातो. मेलबर्नच्या बिग अँट स्टुडिओजच्या ‘क्रिकेट २४’सारख्या खेळात फलंदाजी टायमिंगवरच चालते. तिथे खेळाडूला दिसणारा चेंडू आणि यंत्राच्या हिशेबातला चेंडू यांच्यात असं अंतर पडलं, तर बॅट उशिराच फिरणार. घरातली मुलं ‘टीव्ही लॅग मारतोय’ म्हणतात, तेव्हा त्यांची तक्रार बहुतेक वेळा खरी असते.

उशीर सतत सारखाच असेल तर माणूस त्याला काही प्रमाणात सरावतो, हेही खरं. गाण्याच्या तालावर बटणं दाबायच्या खेळांनी तर त्यावर उपायच काढला. २००५च्या ‘गिटार हिरो’मध्ये टीव्हीचा उशीर जुळवून घ्यायची सेटिंग होती. २००८च्या ‘रॉक बँड २’च्या खेळण्यातल्या गिटारमध्ये प्रकाश आणि आवाज ओळखणारे भाग बसवले होते, गिटार पडद्यासमोर धरली की टीव्ही किती मागे आहे ते खेळ स्वतः मोजून घेई. पण हे शक्य झालं, कारण गाणं आधीपासून ठरलेलं असतं. पुढचा सूर कधी येणार हे यंत्राला ठाऊक असतं, त्यामुळे चित्र आणि आवाज मागेपुढे सरकवता येतात. समोरचा खेळाडू पुढच्या क्षणी काय करेल हे कोणालाच ठाऊक नसतं. फुटबॉलमध्ये, मारामारीच्या खेळात, नेमबाजीत अशी जुळवाजुळव होऊच शकत नाही. तिथे गेलेला वेळ गेलाच.

म्हणूनच निन्टेन्डोचा ‘सुपर स्मॅश ब्रदर्स मेली’ हा २००१चा खेळ स्पर्धेत खेळणारे लोक वीस वर्षांनंतरही काचेच्या नळीचे अवजड टीव्ही गाडीत घालून स्पर्धेच्या जागी नेत राहिले. जुन्या दिवसांच्या ओढीने कोणी एवढं ओझं वाहत नाही. त्यांच्या हातांना एका फ्रेमचा फरक जाणवतो.

उशिराचा प्रश्न सुटला की मग चित्राकडे वळावं. इथे तीन जुने दोष जवळजवळ प्रत्येक घरात सापडतात, आणि तिन्हींचंही निवारण फुकट आहे.

पहिला दोष कडा कापल्या जाण्याचा. नळीच्या टीव्हीत चित्राची कड वेडीवाकडी असे, म्हणून चित्र थोडं मोठं करून कडा चौकटीआड लपवत. पॅनेलच्या टीव्हीला त्याची काहीही गरज नाही, तरी कित्येक संच अजून तसंच करतात. परिणाम असा, की गेमच्या कोपऱ्यातला नकाशा किंवा गोळ्यांची संख्या अर्धवट दिसते, आणि चित्र ताणल्यामुळे सगळीच अक्षरं किंचित धूसर होतात. एलजीवर ‘जस्ट स्कॅन’, सॅमसंगवर ‘फिट टू स्क्रीन’, सोनीवर ‘फुल पिक्सेल’ निवडलं की कन्सोलचा एक ठिपका पॅनेलच्या बरोबर एका ठिपक्यावर बसतो.

दुसरा दोष शार्पनेसचा. हा आकडा वाढवला की तपशील वाढतो असा समज आहे. तपशील सिग्नलमध्ये जेवढा असतो तेवढाच राहतो; टीव्ही फक्त प्रत्येक कडेभोवती एक पांढरी-काळी किनार ओढतो. गेमचं चित्र मुळातच धारदार असतं, त्यामुळे ही किनार तिथे जास्तच खुपते. आकडा कुठे ठेवायचा हे कंपनीगणिक बदलतं. पुष्कळ संचांत शून्य किंवा त्याच्या आसपास किनार नाहीशी होते, सोनीच्या ब्राव्हियात ५० हा मधला आकडा तटस्थ असतो. गेमचा मेनू उघडून पांढऱ्या अक्षरांकडे जवळून पाहावं आणि किनार दिसेनाशी होईपर्यंत आकडा खाली आणावा.

तिसरा दोष सर्वांत फसवा आहे, आणि त्यावर थोडं थांबायला हवं. टीव्हीच्या जगात काळा रंग १६ या आकड्याने आणि पांढरा २३५ने लिहायची पद्धत आहे. संगणकाच्या जगात काळा म्हणजे ० आणि पांढरा म्हणजे २५५. कन्सोल दोन्ही भाषा बोलतो. पाठवणारा एका पद्धतीने लिहितो आणि वाचणारा दुसऱ्या पद्धतीने वाचतो, असं झालं की चित्र बिघडतं. कन्सोलने काळा १६ म्हणून पाठवला आणि टीव्हीला वाटलं ० म्हणजे काळा, तर रात्रीचं दृश्य राखाडी, धुकट दिसतं. उलट झालं तर अंधाऱ्या भागातला सगळा तपशील एकसंध काळ्या डागात बुडतो आणि कोपऱ्यात दबा धरून बसलेला शत्रू दिसतच नाही. अशा वेळी लोक ब्राइटनेस वाढवत बसतात. त्याने दोष झाकला जातो, पण जात नाही. सॅमसंग आणि एलजीच्या मेनूत ‘ब्लॅक लेव्हल’, सोनीवर ‘व्हिडिओ रेंज’, प्लेस्टेशनवर ‘आरजीबी रेंज’ आणि एक्सबॉक्सवर ‘कलर स्पेस’ या नावाखाली हा पर्याय असतो. दोन्हीकडे ‘ऑटो’ ठेवून बहुतेक वेळा काम भागतं. नाही भागलं तर दोन्हीकडे एकच पद्धत हाताने निवडायची. एक्सबॉक्स स्वतः ‘स्टँडर्ड’ची, म्हणजे टीव्हीच्या पद्धतीची, शिफारस करतो आणि ती ऐकावी.

आता एचडीआर, म्हणजे उजेड आणि अंधार यांचा जास्त मोठा पल्ला दाखवणारं चित्र. ही अक्षरं आता स्वस्तातल्या संचांच्या खोक्यावरही असतात. एचडीआरची मोजपट्टी कागदावर दहा हजार निट्सपर्यंत जाते. निट हे पडद्याच्या तेजाचं एकक. घरातला साधा संच तीनशेच्या आसपास थकतो, चांगला संच हजाराच्या पुढे जातो. मग गेममधल्या सूर्याचं तेज पडद्याच्या कुवतीत बसवायचं कसं, हे कोणीतरी ठरवावं लागतं. या कामाला टोन मॅपिंग म्हणतात, आणि घोटाळा होतो तो हे काम दोघे करू लागतात म्हणून. कन्सोल आपल्या अंदाजाने उजेड दाबतो, टीव्ही तो दाबलेला उजेड पुन्हा दाबतो. ढगांचा पोत नाहीसा होतो, किंवा सगळं चित्र मळकट होतं.

हा गोंधळ मिटवण्यासाठी सोनी, मायक्रोसॉफ्ट, टीव्ही बनवणाऱ्या कंपन्या आणि गेम बनवणारे यांनी एकत्र येऊन एचजीआयजी नावाचा गट केला आणि मार्गदर्शक सूत्रं ठरवली. त्यांचं सार असं, की टीव्हीने आपली खरी कमाल मर्यादा सांगावी आणि तिच्या आत उजेड बसवायचं काम गेमवर सोडावं. टीव्हीच्या टोन मॅपिंगच्या मेनूत ‘एचजीआयजी’ हा पर्याय दिसला तर तो निवडावा. नसेल तर डायनॅमिक टोन मॅपिंग बंद करावं. त्यानंतरच कन्सोलवरची जुळणी करायची. प्लेस्टेशन ५ वर ‘अ‍ॅडजस्ट एचडीआर’ आणि एक्सबॉक्सवर ‘एचडीआर गेम कॅलिब्रेशन’ अशा नावाने ती सापडते. पडद्यावर एक चिन्ह येतं; ते जेमतेम दिसेनासं होईपर्यंत बटण दाबत जायचं. या एवढ्या कृतीतून कन्सोलला कळतं, की या पॅनेलचं तेज कुठे संपतं आणि काळोख कुठे सुरू होतो. टीव्ही बदलला किंवा टोन मॅपिंगचा पर्याय बदलला की ही जुळणी नव्याने करावी लागते. शिवाय काही गेमच्या स्वतःच्या मेनूतही उजेडाची वेगळी पट्टी असते. तिथेही तशीच जुळणी करावी.

तीनशे निट्सच्या संचावर एचडीआर बंद करून पाहायला अजिबात कचरू नये. अशा कित्येक संचांवर साधं चित्र जास्त उजळ आणि समतोल दिसतं. खोक्यावर छापलंय म्हणून ते वापरलंच पाहिजे असं नाही.

पुढचा विषय वेगाचा, आणि तो गेल्या काही वर्षांतला सर्वांत रंजक भाग आहे. प्लेस्टेशन ५ आणि एक्सबॉक्स सिरीज एक्स नोव्हेंबर २०२० मध्ये बाजारात आले. भारतात एक्सबॉक्स त्याच महिन्यात मिळू लागला, प्लेस्टेशन ५ फेब्रुवारी २०२१ मध्ये. दोन्ही यंत्रं ४के चित्र सेकंदाला १२० वेळा पाठवू शकतात. ४के म्हणजे जवळजवळ ८३ लाख ठिपके, आणि ते सेकंदाला १२० वेळा. एचडीएमआय २.० ची सेकंदाला १८ गिगाबिटची वाट त्याला पुरत नाही. नोव्हेंबर २०१७ मध्ये प्रसिद्ध झालेल्या २.१ या आवृत्तीची वाट ४८ गिगाबिटपर्यंत रुंद आहे.

मात्र प्रत्येक गेम सेकंदाला १२० फ्रेम रचू शकत नाही. चित्र जितकं गुंतागुंतीचं, तितका वेळ. त्यामुळे अनेक गेम दोन पर्याय देतात: सुंदर चित्र ३० फ्रेमने किंवा साधं चित्र ६० फ्रेमने. इन्सोम्नियाक गेम्सने २०२१ मध्ये ‘रॅचेट अँड क्लँक: रिफ्ट अपार्ट’मध्ये तिसरा पर्याय आणला, ४० फ्रेमचा. आकडा विचित्र वाटतो, पण त्यामागचं गणित सुरेख आहे. ६० हर्ट्झच्या, म्हणजे सेकंदाला ६० वेळा चित्र बदलणाऱ्या, पडद्यावर ४० फ्रेम समान वाटून देता येत नाहीत; काही फ्रेम एक वेळ दिसतील, काही दोन वेळा, आणि चित्र अडखळेल. १२० हर्ट्झच्या पडद्यावर मात्र प्रत्येक फ्रेम बरोबर तीन वेळा दाखवता येते. शिवाय ३० फ्रेमच्या वेगात एक फ्रेम ३३.३ मिलिसेकंद टिकते आणि ६० फ्रेममध्ये १६.७, या दोन्हींच्या अगदी मधोमध २५ मिलिसेकंद येतात, म्हणजे ४० फ्रेम. फक्त दहा फ्रेम वाढवून वेळेतलं निम्मं अंतर कापलं जातं. घरात १२० हर्ट्झचा टीव्ही असेल तर गेमच्या मेनूत हा पर्याय शोधावा.

त्याहून मोठी सोय म्हणजे व्हीआरआर, बदलता रिफ्रेश रेट. एरवी टीव्ही आपल्या ठरल्या ठेक्यावर चित्र बदलतो आणि कन्सोलला त्या ठेक्यात बसावं लागतं. फ्रेम थोडी उशिरा तयार झाली की एक तर जुनीच फ्रेम पुन्हा दिसते, नाहीतर अर्धा पडदा जुना आणि अर्धा नवा असं फाटलेलं चित्र येतं. व्हीआरआरमध्ये उलट होतं: फ्रेम तयार झाली की टीव्ही तेव्हा चित्र बदलतो. संगणकाच्या पडद्यांवर हे एनव्हिडियाच्या जी-सिंकने २०१३ मध्ये आणि एएमडीच्या फ्रीसिंकने २०१५ मध्ये आणलं होतं. प्लेस्टेशन ५ ला ते एप्रिल २०२२ मध्ये मिळालं, ४८ ते १२० हर्ट्झच्या टप्प्यात. काही ओलेड संचांवर व्हीआरआर चालू असताना अंधाऱ्या दृश्यात हलकी लुकलुक दिसते. ती फारच त्रास देत असेल तर त्या एका गेमपुरतं व्हीआरआर बंद करावं, इतरत्र चालू ठेवावं.

या साऱ्या सोयी टीव्हीत असूनही पुष्कळांच्या घरी वापरल्याच जात नाहीत, कारण कारखान्यातून निघताना टीव्हीचा पोर्ट बऱ्याचदा जुन्या, अरुंद पद्धतीवर लावलेला असतो. जुना सेट-टॉप बॉक्स जोडला तर तो बंद पडू नये हा त्यामागचा हेतू. हा अडसर काढायचा पर्याय पिक्चरच्या मेनूत नसून इनपुटच्या मेनूत दडलेला असतो. सॅमसंग त्याला ‘इनपुट सिग्नल प्लस’ म्हणते, एलजी ‘अल्ट्रा एचडी डीप कलर’ आणि सोनी ‘एचडीएमआय सिग्नल फॉरमॅट’. तो चालू करायचा; सोनीवर ‘एन्हान्स्ड’ निवडायचं. पोर्टही योग्य हवा. चार पोर्टांपैकी दोनच वेगवान असलेले संच पुष्कळ आहेत, आणि त्या दोनांतल्याच एकात साउंडबारची ईएआरसी जोडणी येते. पोर्टजवळ बारीक अक्षरात ‘४के १२०’ लिहिलेलं असतं ते शोधावं, आणि केबल कन्सोलबरोबर आलेलीच वापरावी.

खरेदीआधी आणखी एक गोष्ट माहीत असावी. ‘एचडीएमआय २.१’ हे शब्द कशाचीच हमी देत नाहीत. डिसेंबर २०२१ मध्ये या मानकाचा परवाना देणाऱ्या संस्थेनेच स्पष्ट केलं, की २.० ही वेगळी आवृत्ती आता उरलेली नाही आणि २.१ मधल्या १२० हर्ट्झ, व्हीआरआर या सोयी ऐच्छिक आहेत. त्यामुळे ६० हर्ट्झचं पॅनेल असलेला संचही हे लेबल लावू शकतो. ग्राहकाच्या बाजूने पाहिलं तर हा नियम सरळसरळ अन्यायकारक आहे. दुकानदाराला आवृत्ती न विचारता तीन प्रश्न विचारावेत: पॅनेल मुळात किती हर्ट्झचं आहे, व्हीआरआर आहे का, आणि १२० हर्ट्झ कोणत्या पोर्टवर चालतं. ‘मोशन रेट’सारख्या नावाने छापलेला मोठा आकडा पॅनेलचा वेग सांगत नाही.

ज्यांचा संच ६० हर्ट्झचा आहे त्यांनी निराश व्हायचं कारण नाही. आपल्याकडे बहुसंख्य घरांत तोच आहे. गेम मोड, कापल्या न जाणाऱ्या कडा, खाली आणलेला शार्पनेस आणि जुळवलेला काळा रंग या चारही गोष्टी त्याच्यावर तितक्याच चालतात, आणि खेळ हाताला लागतो तो मुख्यतः त्यांच्यामुळे.

ओलेड पॅनेलवर एक काळजी घ्यावी. धावफलक किंवा नकाशा रोज तासन्‌तास एकाच जागी राहिला तर त्याची पुसट छाप कायमची राहू शकते. गेमच्या मेनूत अशा पट्ट्या फिक्या करण्याची सोय असल्यास वापरावी, आणि खेळ संपल्यावर टीव्ही रिमोटने बंद करावा. भिंतीवरचं बटण लगेच दाबू नये, कारण बंद असताना संच पॅनेलची स्वतः निगा राखतो आणि त्याला त्यासाठी वीज लागते.

बहुतेक टीव्ही प्रत्येक पोर्टसाठी आणि साध्या व एचडीआर चित्रासाठी वेगवेगळी सेटिंग लक्षात ठेवतात. साधा गेम चालू असताना केलेले बदल एचडीआर गेम लावला की दिसत नाहीत, आणि सगळं आपोआप बिघडलं असं वाटतं. दोन्ही प्रकारचे गेम लावून दोनदा बदल करावे लागतात.

इतकं सगळं केल्यावर फरक पडला का, हे फोनने मोजता येतं. आजच्या पुष्कळ फोनांत सेकंदाला २४० फ्रेम टिपणारा स्लो मोशन कॅमेरा असतो, कार्मॅकने वापरला तेवढ्याच वेगाचा. फोन कशावर तरी स्थिर टेकवून कंट्रोलरवरचा अंगठा आणि पडदा दोन्ही चौकटीत घ्यायचे. उडी मारण्यासारखी, बटण दाबताच होणारी कृती निवडायची. मग तो व्हिडिओ फ्रेमफ्रेमने पुढे सरकवत अंगठा बटणावर पूर्ण बसल्यापासून पडद्यावरचं पात्र हलेपर्यंतच्या फ्रेम मोजायच्या. एक फ्रेम म्हणजे ४.२ मिलिसेकंद, २४ फ्रेम आल्या तर शंभर मिलिसेकंद झाले. या आकड्यात कंट्रोलर, कन्सोल आणि गेम यांचाही वेळ धरलेला असतो, म्हणून एकच मोजणी टीव्हीबद्दल काही सांगत नाही. तोच गेम, तीच उडी आधी ‘स्टँडर्ड’ मोडमध्ये आणि मग ‘गेम’ मोडमध्ये चार-पाच वेळा मोजून सरासरी काढली, तर दोन्हींतला फरक फक्त टीव्हीच्या कामाचा निघतो.